मिसाका, वातारू ‘वॅट’

(२१ डिसेंबर १९२३ – २० नोव्हेंबर २०१९). अमेरिकन बास्केटबॉलपटू व अभियंता. एनबीएची पूर्वावस्था असलेल्या ‘बीएए’ या व्यावसायिक लीगमध्ये खेळलेले पहिले गौरेतर खेळाडू.

जन्म यूटा राज्यातील ऑग्डेन येथे, जपानहून आलेल्या कुटुंबात. वडिलांचे केशकर्तनालय होते आणि बिऱ्हाड त्याच इमारतीच्या तळघरात. मिसाका पंधरा वर्षांचे असताना वडील वारले. आईच्या मनात जपानला परतायचे होते, पण मुलगा तयार होईना; शेवटी आईनेच दुकान चालवले. दुसऱ्या महायुद्धात, १९४२ मध्ये, पश्चिम किनाऱ्यावरील जपानी वंशाच्या नागरिकांना सरकारने घरादारातून उठवून छावण्यांत कोंडले. ऑग्डेन त्या पट्ट्याबाहेर असल्याने मिसाका वाचले. अशीच एक छावणी, टोपाझ, यूटातच होती. तेथे तारांच्या कुंपणाआड लोक दिवस काढत असताना मिसाका यूटा विद्यापीठासाठी खेळत होते.

१९४४ मध्ये न्यूयॉर्कच्या एनआयटी या महाविद्यालयीन स्पर्धेत यूटा संघ पहिल्याच फेरीत केंटकीकडून हरला. तेवढ्यात मोटार अपघातामुळे आर्कान्सॉ संघाने एनसीएए या दुसऱ्या महाविद्यालयीन स्पर्धेतून माघार घेतली आणि त्याच्या जागी यूटाला बोलावणे आले. संघ कॅन्सस सिटीत जिंकून पुन्हा न्यूयॉर्कला आला आणि २८ मार्चला मॅडिसन स्क्वेअर गार्डनवर जादा वेळेत डार्टमथला ४२–४० असे हरवून विजेता ठरला. त्यानंतर एनआयटी-विजेत्या सेंट जॉन्सलाही त्याने ४३–३६ असे नमवले. संघ घरी परतला तो मिसाकांना लष्करात भरतीचा हुकूम मिळाला. युद्धानंतर जपानमध्ये त्यांची नेमणूक झाली ती बाँबहल्ल्याच्या परिणामांच्या पाहणीवर. हिरोशिमात वाचलेल्यांच्या मुलाखती त्यांनी घेतल्या.

त्यांची उंची जेमतेम ५ फूट ७ इंच. चपळाई आणि प्रतिस्पर्ध्याला चिकटून राहण्याची चिकाटी हे त्यांचे बळ. त्याची परीक्षा १९४७ च्या एनआयटी अंतिम सामन्यात झाली. केंटकीचा हुकमी खेळाडू राल्फ बीअर्ड याला मिसाकांनी अवघ्या एका गुणावर रोखले आणि यूटा ४९–४५ ने जिंकले. बीएएमधील न्यूयॉर्क निक्सने त्यांना त्याच वर्षी संघात घेतले. बेसबॉलमध्ये कृष्णवर्णीय जॅकी रॉबिन्सनने वर्णभेदाची भिंत पाडली तेही हेच वर्ष. मात्र रॉबिन्सनचा गाजावाजा झाला, मिसाकांची दखल फारशी कोणी घेतली नाही. तीन सामने, सात गुण. एवढ्यावर निक्सने त्यांना मोकळे केले. लीगमध्ये कृष्णवर्णीय खेळाडू उतरण्यास १९५० उजाडले.

हार्लेम ग्लोबट्रॉटर्सकडून आलेला प्रस्ताव त्यांनी नाकारला, अभियांत्रिकीची पदवी पुरी केली आणि सॉल्ट लेक सिटीत विद्युत अभियंता म्हणून आयुष्य काढले. ‘पहिला’ या बिरुदाखाली त्यांचा खेळ झाकला गेला. खरे तर बचावपटू म्हणून त्यांची योग्यता त्या तीन सामन्यांवरून नव्हे, बीअर्डविरुद्धच्या सामन्यावरून जोखावी लागते. यूटा विद्यापीठाने त्यांचा २० हा जर्सी क्रमांक २०२२ मध्ये निवृत्त केला.