वत्सगुल्माची मध्यरेषा आणि भास्कराचार्यांचे शून्य

आजचे वाशीम म्हणजे वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी वत्सगुल्म. ती सत्ता लयाला गेल्यावरही हे नाव ज्योतिषग्रंथांत टिकून राहिले. लंकेपासून उज्जयिनी व कुरुक्षेत्रावरून मेरूपर्यंत जाणारी जी मध्यरेषा कालगणनेचा आधार मानली जाई, तिच्यावरील स्थानांत भास्कराचार्यांनी ‘करणकुतूहल’ (११८३) या ग्रंथात वत्सगुल्माची गणना केली आहे. वाशीमच्या मध्यमेश्वर मंदिराशी ही परंपरा आजही जोडली जाते. प्रत्यक्षात वाशीम उज्जैनच्या पूर्वेस सुमारे १.३ अंशांवर असल्याने तेथे मध्यान्ह पाचेक मिनिटे आधी होते.

याच भास्कराचार्यांना पंचांगाच्या गरजेपोटी सीमेच्या, म्हणजे एखादी राशी ज्या मूल्याच्या हवी तितकी जवळ जाते त्या मूल्याच्या, प्रश्नाशी झुंजावे लागले. चंद्राची गती दिवसभरातही बदलत असल्यामुळे तिथीचा अंत जवळ असता सरासरी दैनिक गती पुरत नाही, म्हणून ‘सिद्धान्तशिरोमणी’त (११५०) त्यांनी तात्कालिक गती, म्हणजे त्या क्षणाची गती, योजिली. कोनाच्या अल्प वाढीबरोबर ज्येत होणारी वाढ कोटिज्येच्या प्रमाणात असते, हा तिचा पाया होय. आजच्या भाषेत ‘साइन’चे विकलज, म्हणजे बदलाचा तात्कालिक दर, ‘कोसाइन’ होय, असे हे विधान आहे.

त्यांच्याच ‘लीलावती’ या ग्रंथातील एक उदाहरण याहून धीट आहे. एका संख्येला शून्याने गुणावे, गुणाकारात त्याचेच अर्ध मिळवावे, आलेल्यास तिप्पट करून शून्याने भागावे, तर ६३ येतात. ती संख्या कोणती? गुणाकार होताच सारे शून्य झाले असे न मानता, पुढे क्रिया शिल्लक असतील तर शून्य केवळ गुणक म्हणून राखून ठेवावे, असा त्यांचा नियम आहे. त्यामुळे मूळ संख्येची साडेचारपट ६३ ठरते आणि उत्तर १४ येते. गुणक व भाजक यांना एकच शून्याकडे जाणारी राशी मानली, तर ही सीमाच काढली गेली, आणि या गणिताचा ग्रहगणितात मोठा उपयोग आहे, अशी नोंदही त्यांनी केली आहे.

तरीही त्यांना कलनशास्त्राचे (कॅल्क्युलसचे) जनक म्हणणे अतिशयोक्तीचे ठरेल. अंश व छेद वेगवेगळ्या वेगाने शून्याकडे जात असतील तर काय करावे, हे हा नियम सांगत नाही. तो प्रश्न दोहोंच्या विकलजांचे गुणोत्तर घेऊन सोडवण्याची रीत फ्रेंच गणिती लोपितालच्या १६९६ च्या पुस्तकात छापली गेली. शून्याचा भागाकार आणि क्षणाची गती ही दोन्ही साधने भास्कराचार्यांच्या हाती होती, परंतु एकाने दुसऱ्याची तड लावण्याचा विचार त्यांच्या ग्रंथांत आढळत नाही.