दावीद, बथशेबा आणि नगरच्या लक्ष्मीबाई

लढाईचे दिवस आहेत. इस्राएलच्या सैन्याने अम्मोनी लोकांच्या राब्बा नगराला वेढा घातला आहे. सेनापती यवाब आघाडीवर आहे. राजा दावीद मात्र यरुशलेमातच राहिला असून संध्याकाळी राजवाड्याच्या गच्चीवर फेऱ्या मारतो आहे. तेथून त्याला स्नान करणारी एक स्त्री दिसते. ती बथशेबा, त्याच्याच सैन्यातील उरीया हित्तीची पत्नी. राजा माणसे पाठवून तिला आणवतो. पुढे ती गरोदर असल्याचा निरोप येतो.

आता प्रकरण झाकायचे आहे. राजा उरीयाला रणांगणावरून बोलावून घेतो आणि घरी जाऊन विसावा घ्यायला सांगतो. सोबती उघड्या मैदानावर तळ देऊन असताना आपण घरी सुखाने निजणार नाही, असे तो शिपाईगडी सांगतो व राजवाड्याच्या दारातच झोपतो. मग राजा यवाबाला पत्र लिहितो : या माणसाला ऐन धुमश्चक्रीत पुढे ठेवा आणि मागे सरा. ते पत्र उरीयाच्याच हाती दिले जाते. आपला मृत्यू तो स्वतः वाहून नेतो.

बायबलमधील ‘२ शमुवेल’ या ग्रंथाच्या अकराव्या अध्यायातील ही कथा आहे. ज्यांनी ती जपली, प्रतींमागून प्रती करून पुढच्या पिढ्यांच्या स्वाधीन केली, त्यांच्याच परंपरेतला दावीद हा सर्वश्रेष्ठ राजा. शत्रूच्या दरबारात लिहिलेली ही निंदा नव्हे. इतिहासाच्या विद्यार्थ्याने येथे थोडे थबकावे, कारण आपल्या आदर्श राजाविषयी असा मजकूर कोणी सहजासहजी जतन करून ठेवत नाही.

आणि तो न ठेवण्याचा प्रयत्नही झालाच. बायबलमध्ये याच कालखंडाचा दुसरा वृत्तांत आहे, ‘१ इतिहास’ या ग्रंथात. तो बाबिलोनच्या बंदिवासानंतरचा, म्हणजे पुष्कळ उशिराचा. त्याच्या विसाव्या अध्यायात राब्बाची तीच लढाई येते, दावीद यरुशलेमात राहिल्याचा उल्लेखही येतो आणि लगेच नगर पडते. शत्रुराजाचा मुकुट दावीदाच्या मस्तकावर चढतो. मधली गच्ची, स्नान, पत्र, उरीया, सारे गायब. समकालीन पत्रांत एक आणि शंभर वर्षांनी लिहिलेल्या बखरीत दुसरेच, हा अनुभव मराठ्यांच्या इतिहासाच्या अभ्यासकांना नवा नाही. फरक इतकाच की बायबल सिद्ध करणाऱ्यांनी दोन्ही वृत्तांत एकाच ग्रंथसंग्रहात ठेवले. नव्या बखरीने जुनी पाने फाडली नाहीत.

पुढे मत्तयाच्या शुभवर्तमानाच्या प्रारंभी येशूची वंशावळ आहे. अशा पित्यापुत्रांच्या यादीत स्त्रियांची नावे सहसा नसतात. येथे तामार, राहाब आणि रूथ यांची नावे आहेत. चौथ्या जागी मात्र बथशेबाचे नाव नाही. शलमोन हा दावीदाला उरीयाच्या बायकोपासून झाला, एवढेच मत्तय सांगतो. ‘इतिहास’काराने त्या लढाईतून ज्याला वगळले होते, त्या शिपायाचे नाव राजाच्या वंशावळीत असे कायमचे येऊन बसले.

आपल्याकडे सदोष माणसाच्या उद्धाराची सर्वांत परिचित कथा वाल्या कोळ्याची. वाटमारी करणारा वाल्या नारदांच्या भेटीनंतर तपाला बसतो आणि वाल्मीकी होतो. बायबलमधील पौलाची कथा याच वळणाची आहे. ख्रिस्ती लोकांचा छळ करणारा शौल दिमिष्काच्या वाटेवर पालटतो आणि त्याच धर्माचा सर्वांत मोठा प्रचारक होतो. या साच्यात सोय आहे. पाप आधी, कृपा नंतर. मध्ये स्वच्छ रेषा.

दावीदाच्या बाबतीत ती रेषा सापडत नाही. मेंढपाळ असताना त्याचा अभिषेक झाला, गल्याथ पडला, राज्य मिळाले, ईश्वराचे वचनही मिळाले आणि अपराध त्यानंतर घडला. पेत्राचेही तसेच. येशूचा अग्रगण्य शिष्य असूनही गुरूला पकडून नेल्यावर शेकोटीपाशी त्याने तीनदा सांगितले, आपण या माणसाला ओळखत नाही. हा प्रसंग चारही शुभवर्तमानांत आहे. तोही अशा काळात लिहिलेला, जेव्हा पेत्र हा मंडळीचा आधारस्तंभ मानला जात होता. माझ्या मते बायबलमधील खरा अवघड प्रश्न हा दुसऱ्या साच्याचा आहे. निवड झालेला माणूसच चुकला तर काय?

प्रवचनांतून मिळणारे उत्तर ठरलेले असते : ईश्वराने अशा माणसांकडूनही कार्य करून घेतले. ते खोटे आहे असे मी म्हणत नाही. पण ते उरीयाला ऐकवून पाहावे. मूळ कथा प्रवचनापेक्षा कठोर आहे. नाथान संदेष्टा राजासमोर येऊन गरिबाची एकुलती एक मेंढी हिरावून घेणाऱ्या श्रीमंताची गोष्ट सांगतो, राजा संतापतो, तेव्हा तो श्रीमंत म्हणजे राजा स्वतःच असल्याचे सुनावतो. दावीद पश्चात्ताप करतो, क्षमाही मिळते, तरी मूल मरते, आणि पुढे घरातच बलात्कार, भाऊबंदकी व पुत्राचे बंड असा वणवा पेटतो. क्षमा झाली म्हणून हिशेब पुसला गेला नाही.

एका बाबतीत मात्र ही धीट कथाही मुकी आहे. तिच्यात बथशेबा किती बोलते? गरोदर असल्याचा तो एक निरोप, मूळ हिब्रूत अवघ्या दोन शब्दांचा. नवऱ्यासाठी ती शोक करते एवढे कळते. तिला काय वाटले, हे कोणी विचारलेले नाही. ती खऱ्या अर्थाने बोलते ती पुष्कळ पुढे, पुत्र शलमोनाच्या गादीसाठी, ‘१ राजे’ या ग्रंथात.

थोर माणसाच्या दोषांची झळ ज्या व्यक्तीला बसली, तिनेच त्याची कथा सांगितली तर? असे पुस्तक मराठीत आहे आणि त्याचा मोठा भाग आपल्या अहमदनगर (आजच्या अहिल्यानगर) जिल्ह्यात घडतो.

नगरला अमेरिकन मराठी मिशनचे ठाणे १८३१ साली उभे राहिले. ‘ज्ञानोदय’ हे नियतकालिक १८४२ मध्ये येथूनच निघू लागले. या नगरात १८९५ नंतर एक कवी येऊन राहिले : नारायण वामन टिळक, कोकणातील चित्पावन ब्राह्मण. १८९३ मध्ये आगगाडीच्या प्रवासात एका युरोपीय सहप्रवाशाने त्यांना ‘नवा करार’ दिला होता. डोंगरावरील प्रवचनाने ते भारावून गेले आणि १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत त्यांनी बाप्तिस्मा घेतला. पुढे नगरला रेव्हरंड ह्यूम यांच्यासमवेत ते मिशनचे काम करू लागले. तुकोबांच्या पुलावरून आपण ख्रिस्तापर्यंत पोहोचलो, असे ते म्हणत. त्यांची पदे मराठी चर्चमध्ये आजही गायली जातात.

या बाप्तिस्म्याची किंमत पत्नी लक्ष्मीबाईंनी मोजली. जलालपूरच्या गोखल्यांची ही मनकर्णिका अकराव्या वर्षी टिळकांच्या घरी आली होती. नवऱ्याने धर्म बदलला तेव्हा ती लहान मुलासह माहेरच्या माणसांत होती. समाजाच्या लेखी ती धड सवाष्ण नाही, धड विधवा नाही. काही वर्षांच्या ताटातुटीनंतर ती नगरला नवऱ्याकडे आली खरी, पण आपले सोवळे सांभाळून. जातिभेद माणसाने केला, देवाने नव्हे, हे मनाला पटल्यावर तिचे सोवळे सुटले, आणि १९०० साली तिने स्वतः बाप्तिस्मा घेतला.

टिळकांच्या मृत्यूनंतर (९ मे १९१९) मुलगा देवदत्त यांनी वडिलांच्या चरित्रासाठी आईला आठवणी लिहायला सांगितल्या. थोर पुरुषाच्या चरित्राची साधने म्हणून जे सुरू झाले, त्याचे ‘स्मृतिचित्रे’ झाले. १९३४ पासून ते भागाभागाने प्रसिद्ध झाले.

त्यातील टिळक देवघरात ठेवण्याजोगे नाहीत. ते शीघ्रकोपी आहेत. न सांगता घर सोडून निघून जातात. हातात पैसा टिकत नाही, कारण समोरच्याची गरज दिसली की घरातल्या गरजेचा त्यांना विसर पडतो. कोणालाही घरी आणावे आणि ठेवून घ्यावे (बालकवी ठोंबरे काही काळ याच घरी होते) आणि चुलीपाशी त्याचे काय होते, ते लक्ष्मीबाईंनी पाहावे. टिळकांची करुणा आणि बेजबाबदारपणा ही एकाच स्वभावाची दोन टोके आहेत, हे त्या पुस्तकाइतके स्पष्ट मला दुसरीकडे कोठे दिसलेले नाही. दावीदाच्या अपराधाशी या दोषांची बरोबरी करणे अन्यायाचे होईल. साम्य आहे ते सांगण्याच्या रीतीत. लक्ष्मीबाई काही वगळत नाहीत, आणि वगळत नाहीत म्हणून प्रेमही कमी करत नाहीत. स्वतःचे सोवळ्याचे वेड, स्वतःची फजिती यांवरही त्या तितक्याच मोकळेपणाने हसतात.

हे त्या बायबलवरून शिकल्या, असा दावा मी करणार नाही. घराचा हिशेब डोळ्यांसमोर असलेल्या बाईची ती नजर आहे, एवढे पुरे. तरी नगर-राहुरीच्या ख्रिस्ती मंडळीत वर्षानुवर्षे वावरलेल्या या लेखिकेच्या कानांवर दावीद आणि पेत्र किती वेळा पडले असतील, याचा विचार मनात येतोच. त्याच काळात महाराष्ट्रात पुढाऱ्यांची जी चरित्रे लिहिली जात होती, त्यांतील पुष्कळशी ‘१ इतिहास’च्या पद्धतीची होती.

टिळकांचे एक मोठे काम अपुरे राहिले होते. येशूचे चरित्र सांगणाऱ्या ‘ख्रिस्तायन’ या महाकाव्याचे दहा अध्याय लिहून ते गेले. शाळेचे तोंडही न पाहिलेल्या आणि लग्नानंतर नवऱ्याच्या धरसोडीच्या शिकवणीतून अक्षरे गिरवलेल्या लक्ष्मीबाईंनी ते काव्य पुढे चालवले आणि आणखी चौसष्ट अध्याय रचले. २४ फेब्रुवारी १९३६ रोजी त्यांचे निधन झाले. ‘ख्रिस्तायन’ त्यानंतर छापून आले.