कोल्हापुरात घडलेला कॅमेरा

चित्रपट काढायचा म्हणजे आधी भांडवल हवे, असे आपण सहज म्हणून जातो. कोल्हापूरच्या बाबूराव मेस्त्रींपाशी ते कुठले असणार? नाटकांचे पडदे रंगवणारा हा कारागीर. म्हणूनच लोक त्यांना ‘पेंटर’ म्हणू लागले. त्यांनी आणि आनंदराव या भावाने जुना प्रोजेक्टर आणून खेळ लावले, चित्रे हलतात कशी ते न्याहाळले. मग कॅमेरा स्वतःच बनवायचा, असे ठरले. पण १९१६ साली आनंदराव वारले. बाबूराव खचले नाहीत. विष्णुपंत दामले यांना हाताशी घेऊन त्यांनी कॅमेरा पुरा केला. पुढे गायिका तानीबाई कागलकर यांनी पैसा पुरवला, महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली आणि १९२० मध्ये ‘सैरंध्री’ पडद्यावर आला.

लोकांना पुराणकथा आवडत होत्या. तरी १९२५ मध्ये बाबूरावांनी ‘सावकारी पाश’ काढला. त्यात देव नाही, राजा नाही. आहे तो कर्जापायी जमीन गमावून शहरातल्या गिरणीची वाट धरणारा शेतकरी. ती भूमिका तरुण व्ही. शांताराम यांनी केली. १९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, शांताराम बाहेर पडले आणि ‘प्रभात’ निघाली.

१९५४ मध्ये बाबूराव गेले. तो मूकपटही आज आपल्याला पाहायला मिळत नाही. पण पैशावाचून अडून बसलेल्याने एवढे ध्यानात ठेवावे: कोल्हापुरात कॅमेरा आधी झाला, भांडवल मागून आले.