घरातला कॅमेरा

बेचाळीसचा लढा मी वर्गात कितीतरी वर्षं शिकवला. ‘अच्युतराव पटवर्धन भूमिगत झाले’ हे वाक्य फळ्यावर किती वेळा लिहिलं, त्याची गणतीच नाही. पण भूमिगत माणसाच्या घरच्यांचं त्या दिवसांत काय चाललं होतं, याला पाठ्यपुस्तकात जागा नव्हती.

ती जागा मला आनंद पटवर्धनांच्या ‘वसुधैव कुटुंबकम्’ (२०२३) या माहितीपटात सापडली. अहमदनगरचे (आताचं अहिल्यानगर) रावसाहेब आणि अच्युतराव हे त्यांचे सख्खे काका. आई निर्मलाताई सिंधमधल्या, शांतिनिकेतनात शिकलेल्या, मातीची भांडी घडवणाऱ्या नामवंत कलावंत. आईचे वडील भाई प्रताप. फाळणीनंतर सिंधी निर्वासितांसाठी कच्छमध्ये गांधीधाम उभारलं ते यांनीच. एवढा इतिहास एका घरात! आणि तो सांगतात कोण, तर म्हातारे आईवडील, घरात बसून, एकमेकांची थट्टा करत. गंमत म्हणजे हे चित्रण सिनेमासाठी नव्हतंच. आईवडील थकत चालले म्हणून मुलाने ते करून ठेवलं होतं. ते गेल्यावर बऱ्याच वर्षांनी त्याचा माहितीपट झाला.

पटवर्धनांची रीतच तशी. कॅमेरा बहुधा स्वतःच्याच हाती, प्रश्न साधे, आणि समोरचा बोलायचा थांबला तरी घाई नाही. शाहीर विलास घोगरे त्यांच्या ‘हमारा शहर’मध्ये (१९८५) गायले होते. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० माणसं गेली आणि चारच दिवसांनी घोगऱ्यांनी गळफास घेतला. ओळखीचा माणूस असा का गेला, हे शोधत पटवर्धन १४ वर्षं चित्रण करत राहिले. त्यातून २०११ मध्ये ‘जय भीम कॉम्रेड’ आला. ते तटस्थ नाहीत अशी तक्रार होते. नाहीतच. पण आपण कुठे उभे आहोत हे ते लपवत नाहीत, मला तेवढं पुरतं.

आपल्या किनाऱ्याच्या जिव्हाळ्याचा विषयही त्यांनी हाताळला आहे बरं का. मोठ्या जहाजांच्या मासेमारीविरुद्ध पारंपरिक मच्छीमारांनी दिलेल्या लढ्यावर त्यांचा १९९८ चा माहितीपट आहे. मालवणात ट्रॉलर आणि पर्ससीनची भांडणं पाहिलेल्यांना ते वेगळं सांगायला नको.

असो. आता भाचरांनो, तुमच्यासाठी. गणपतीला याल तेव्हा खिशात मोबाईल असेलच. आमची आते नव्वदी ओलांडून बसली आहे. रापण ओढायला किती घरं असायची, वाटे कसे पडायचे, विधवेच्या घराला वाटा मिळायचा की नाही, मुंबईहून मनीऑर्डर आली नाही त्या महिन्यात चूल कशी पेटायची, हे तिला विचारा. माजघरातच बसवा, नवं लुगडं नेसायला लावू नका. आधी ती म्हणेल, “माका काय इचारतंस, माका काय्येक म्हायत नाय.” तेव्हा मोबाईल बंद करू नका. चहा होईपर्यंत थांबा.