मोअर बेटर

नोकरीला लागून तीनेक महिने झाले असतील. परदेशातल्या क्लायंटबरोबरच्या कॉलवर मी बोलून गेले, "धिस अप्रोच इज मोअर बेटर." क्लायंटला काही वाटलं नाही, हसले ते आपलेच लोक. पुढे कित्येक आठवडे चहाच्या टपरीवर 'मोअर बेटर' हेच माझं नाव होतं. दहावीपर्यंत माझं शिक्षण मराठी माध्यमात झालेलं. त्या रात्री मी नियम पुन्हा घोकला. लहान शब्दाला 'अर' आणि 'एस्ट' लावायचं: टॉल, टॉलर, टॉलेस्ट. शेवटी 'वाय' असलेल्या हॅपीचं हॅपिअर. लांब शब्दाआधी 'मोअर', 'मोस्ट'. गुड आणि बॅड पाठच करायचे. आणि दोन्ही एकदम कधीच लावायचं नाही.

हे 'कधीच नाही' कोणी ठरवलं, हा प्रश्न पडायला मात्र काही वर्षं जावी लागली.

हजार वर्षांपूर्वीच्या इंग्रजीत तरतमभाव दाखवायला मुख्यतः प्रत्ययच होते. 'मोअर' आधी लावायची पद्धत तेराव्या शतकापासून रुळत गेली. मग दोन्ही पद्धती शेजारी शेजारी नांदल्या, आणि जोर द्यायचा असला की लोक दोन्ही एकत्र वापरू लागले. शेक्सपिअरच्या 'ज्युलियस सीझर'मध्ये अँटनी ऐन भाषणात 'मोस्ट'ही लावतो आणि 'एस्ट'ही. १६११च्या बायबलच्या अधिकृत भाषांतरातही अशी दुहेरी रूपं आहेत. शेक्सपिअरचा समकालीन नाटककार बेन जॉन्सन याचं इंग्रजी व्याकरण त्याच्या मृत्यूनंतर १६४० साली छापलं गेलं. त्यात तो या दुहेरी रूपांना चूक म्हणत नाही, प्राचीन ग्रीकांच्या वळणाची डौलदार बोली म्हणतो. ते सांगतानाही तो एक दुहेरी रूप वापरतो!

अठराव्या शतकात वारं फिरलं. अलेक्झांडर पोपने १७२५च्या आपल्या आवृत्तीत अँटनीचं ते 'मोस्ट' काढून टाकलं. १७६२ साली रॉबर्ट लाउथ या धर्मगुरूचं छोटेखानी व्याकरण आलं. दुहेरी रूपं अशुद्ध, असा त्याने निकाल दिला. एकच सवलत ठेवली: स्तोत्रांच्या जुन्या भाषांतरात देवाला 'मोस्ट हायेस्ट' म्हटलंय ते त्याला शोभतं, कारण देव सर्वोच्चाहूनही उच्च. म्हणजे माझी चूक देवाच्या बाबतीत केली असती, तर खपली असती.

पण गंमत पुढेच आहे. जुन्या इंग्रजीत 'निअर' हेच मुळी तरवाचक रूप होतं, 'अधिक जवळ' या अर्थाचं. 'नेक्स्ट' हे त्याचं तमवाचक. पुढे लोक 'निअर'चा तो अर्थ विसरले, नुसतं 'जवळ' समजू लागले, आणि त्याला आणखी एक 'अर' जोडून 'निअरर' केलं. आज ते शंभर टक्के शुद्ध आहे. 'लेसर'चंही तसंच. 'लेस' म्हणजेच कमी, त्यावर पुन्हा 'अर'. सॅम्युअल जॉन्सनने १७५५च्या शब्दकोशात 'लेसर'ला रानटी अपभ्रंश म्हटलं, तरी तो शब्द टिकला.

शब्द झिजतो, मग लोक त्याला ठिगळ लावतात. काही ठिगळं कापडातच मुरतात, काहींना बोट दाखवलं जातं.

हे आपल्याकडेही घडलंय. इंग्रजीचा 'एस्ट' आणि संस्कृतचा 'इष्ठ' एकाच मूळ प्रत्ययातून आले. 'स्वीटेस्ट' आणि 'स्वादिष्ठ' तर सख्खी भावंडं: मूळ धातू तोच, प्रत्ययही तोच. म्हणजे 'स्वादिष्ट' याचा मूळ अर्थ 'सगळ्यांत गोड'. तरी आपण बिनदिक्कत 'जास्त स्वादिष्ट' म्हणतो. 'श्रेष्ठ' हेही तमवाचकच, पण 'श्रेष्ठतम' हा शब्द थेट यजुर्वेदात सापडतो. आणि ज्या ऑफिसात मला हसले, तिथे 'सीनिअर-मोस्ट' हा शब्द रोज ऐकू येतो. 'सीनिअर' हे लॅटिनमधलं तरवाचक रूप, 'अधिक वयाचा' या अर्थाचं. त्यावर 'मोस्ट'! त्याला कोणी हसत नाही, कारण तो शब्द साहेबांसाठी असतो.

हे सगळं वाचून मी पुन्हा 'मोअर बेटर' म्हणू लागले का? नाही. आजचा संकेत तो आहे, आणि मुलाखत घेणारा बेन जॉन्सन नसतो. कोडमध्येही टीमने ठरवलेली पद्धत आपण पाळतो, ती निसर्गनियम आहे म्हणून नव्हे.

मागच्या महिन्यात टीममध्ये नवीन आलेला एक मुलगा कॉलवर "मोअर ईझिअर" म्हणाला. दोघंतिघं हसले. कॉल संपल्यावर मी त्याला बाजूला घेऊन सांगितलं, "नुसतं ईझिअर म्हण." तो खाली बघत "सॉरी मॅडम" म्हणाला. मग आम्ही चहाला गेलो आणि मी त्याला 'निअरर'ची गोष्ट सांगितली.