अब्दुल : मधोमध तोडलेलं नाव

नेरळहून माथेरानला जाणारी छोटी गाडी अब्दुल हुसेन आदमजी पीरभॉय यांनी बांधली. काम 1904 मध्ये सुरू झालं आणि 1907 मध्ये गाडी डोंगर चढू लागली. दोन फुटी रूळ, सुमारे 21 किलोमीटरची नागमोडी वाट आणि त्या काळचे 16 लाख रुपये. पैसा वडिलांचा, म्हणजे सर आदमजी पीरभॉय यांचा. रेल्वे उभी करण्याची खटपट मुलाची. कर्जत तालुक्यात ही माहिती अनेकांना असते. पण 'अब्दुल हुसेन' या नावाचा अर्थ काय, असं विचारलं तर मुसलमान माणूसही क्षणभर अडखळतो.

अडखळायला कारण आहे. 'अब्दुल' हा शब्द आपण इतक्या सहज वापरतो की तो कधी तपासून पाहिलेला नसतो. कर्जत-खोपोलीच्या रस्त्यावर टायरचं काम करणाऱ्याला, भंगार घेणाऱ्याला, फळांच्या गाडीवाल्याला त्याचं नाव माहीत नसताना 'ए अब्दुल' म्हणून हाक मारलेली मी बऱ्याचदा ऐकली आहे. समाजमाध्यमांवर तर हे विशेषनाम राहिलंच नाही. कोणत्याही मुसलमानाला उद्देशून टवाळी करायची असेल तर 'अब्दुल' म्हटलं की पुरतं. म्हणून या नावाची गोष्ट नीट सांगावीशी वाटते. व्याकरणापासून सुरुवात करू.

अरबीत 'अब्द' म्हणजे दास, सेवक, बंदा. 'इबादत' म्हणजे उपासना आणि 'माबूद' म्हणजे ज्याची उपासना करायची तो, हे शब्दही त्याच धातूचे. 'करीम' म्हणजे उदार. त्याआधी 'अल' हे उपपद लागलं की 'अल-करीम', म्हणजे तो परम उदार. हे अल्लाहच्या गुणनामांपैकी एक. आता 'अब्द' आणि 'अल-करीम' एकत्र आले की उच्चार होतो 'अब्दुल करीम', त्या परम उदाराचा दास. यातला 'उल' कुठून आला ते पाहा. 'उ' हा 'अब्द'चा विभक्तिप्रत्यय आणि 'ल' हा पुढच्या शब्दाच्या 'अल'मधला. म्हणजे ज्या तुकड्याला आपण 'अब्दुल' म्हणतो, त्याचं शेवटचं अक्षर पुढच्या शब्दाच्या मालकीचं आहे. नुसतं 'अब्दुल' म्हणणं म्हणजे 'त्या... चा दास' एवढं बोलून तोंड मिटणं. कुणाचा दास, ते सांगायचं राहूनच जातं.

पुढचा शब्द काही विशिष्ट अक्षरांनी सुरू होत असेल तर हा 'ल' त्या अक्षरात विरघळून जातो. म्हणून शुद्ध उच्चार 'अब्दुर्रहमान', 'अब्दुस्सलाम', 'अब्दुस्सत्तार' असे होतात. तिथे 'अब्दुल' हा उच्चार तोंडातून निघतच नाही. आपल्याकडे मात्र 'अब्दुल रहमान', 'अब्दुल सत्तार' असं सर्रास लिहिलं जातं, कारण 'अब्दुल' हे वेगळं, स्वतंत्र नाव आहे असं आपण धरून चाललो आहोत.

ही समजूत पक्की करण्यात आपल्या अर्जांचाही हात आहे. महाराष्ट्रात नावाचे तीन खण असतात: स्वतःचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव. 'अब्दुल करीम शेख' असं लिहिलं की वाचणारा निःशंकपणे समजतो, मुलगा अब्दुल, बाप करीम, आडनाव शेख. घरात अब्दुल करीम आणि अब्दुल कादिर असे दोन भाऊ असतील तर हजेरीपटावर दोघेही अब्दुल होतात. मग पुढे दाखला एक सांगतो, रेशनकार्ड दुसरंच, आणि पासपोर्टच्या वेळी प्रतिज्ञापत्र करून द्यावं लागतं.

नाव दुसऱ्या बाजूनेही तोडलं जातं, आणि ते बहुतेक आपणच तोडतो. अब्दुल सत्तारला घरात-गल्लीत 'सत्तार' म्हणतात, अब्दुल रज्जाकला 'रज्जाक', अब्दुल गफ्फारला 'गफ्फार'. सत्तार म्हणजे दोष झाकणारा, रज्जाक म्हणजे साऱ्या सृष्टीला अन्न पुरवणारा, गफ्फार म्हणजे वारंवार क्षमा करणारा. ही अल्लाहची नावं. म्हणून 'अब्द' वगळून माणसाला अशी हाक मारू नये, असं उलेमा सांगत आले आहेत. गंमत पाहा: नाव मागून तोडलं तर नुसता दास उरतो, पुढून तोडलं तर थेट ईश्वर. माणसाचं नाव व्हायला दोन्ही तुकडे लागतात.

या नावाला इस्लामच्या आधीचाही इतिहास आहे. मक्केतल्या जुन्या अरबांमध्ये 'अब्दुल उज्जा', 'अब्द शम्स' अशी नावं होती. उज्जा ही त्यांची देवी, शम्स म्हणजे सूर्य. म्हणजे आपण कुणाचे, हे नावातून सांगण्याची रीत तिथे होतीच. प्रेषित मुहम्मद (स.) यांच्या आजोबांचं नाव अब्दुल मुत्तलिब. त्याची कथा प्रसिद्ध आहे. त्यांचं मूळ नाव शैबा. लहानपणी ते यसरिबला, म्हणजे आजच्या मदीनेला, आईकडे वाढत होते. काका मुत्तलिब त्यांना मक्केला घेऊन आले, तेव्हा उंटावर मागे बसलेला मुलगा पाहून लोकांना वाटलं, मुत्तलिबने नवा गुलाम आणला. तेव्हापासून 'मुत्तलिबचा गुलाम' हेच नाव चिकटलं. लोकांच्या गैरसमजातून पडलेलं हे नाव पुढे मक्केत सर्वांत आदराचं ठरलं.

इस्लाम आल्यावर नावांची दिशा बदलली. एखाद्या मूर्तीचा किंवा माणसाचा दास असल्याचं सांगणारी नावं प्रेषितांनी आपल्या सोबत्यांसाठी बदलून दिली. अब्दुल्लाह आणि अब्दुर्रहमान ही नावं अल्लाहला सर्वांत प्रिय आहेत, असं हदीसमध्ये येतं. खुद्द प्रेषितांच्या वडिलांचं नाव अब्दुल्लाह होतं. नमाजमध्ये बसून जी साक्ष दिली जाते, तिच्यात मुहम्मद (स.) यांचा उल्लेख आधी 'अल्लाहचा अब्द' असा येतो आणि मग 'रसूल' असा.

याच्याच जोडीला आणखी एक हदीस आहे, आणि माझ्या मते या नावाचा खरा अर्थ तिथे उलगडतो. त्या काळी अरबस्तानात गुलामगिरी होती. आपल्या गुलामाला 'माझा अब्द' म्हणू नका, 'माझा तरुण' असं म्हणा, अशी शिकवण प्रेषितांनी मालकांना दिली. कारण अब्द असण्याचं नातं माणसाचं अल्लाहशी आहे. कोणत्याही माणसाने दुसऱ्या माणसाला आपला अब्द म्हणायचं नाही. म्हणजे 'अब्दुल करीम' हे नाव नम्र आहे तितकंच ताठही आहे. मी एकाचा दास आहे, म्हणून बाकी कुणाचाही नाही, असं ते सांगतं. त्यातला 'करीम' काढून टाकला की हा ताठपणाच निघून जातो आणि नुसता नोकर उरतो. रस्त्यावरची 'ए अब्दुल' ही हाक मारणाऱ्याला हे ठाऊक नसतं, पण तिच्यातून घडतं नेमकं हेच.

आता माथेरानच्या गाडीकडे येऊ. तिथलं नाव अब्दुल हुसेन. हुसेन हे अल्लाहचं गुणनाम नाही; ते प्रेषितांच्या नातवाचं नाव. इ.स. 680 मध्ये करबलाच्या मैदानात ते शहीद झाले. मग 'हुसेनचा दास' हे नाव कसं चालतं? यावर मुसलमानांमध्ये जुना मतभेद आहे. अब्द हा शब्द अल्लाहच्या नावाशीच जोडावा, असं सुन्नी उलेमांचं म्हणणं. शिया परंपरेत मात्र अब्दुल हुसेन, अब्दे अली ही नावं आनंदाने ठेवली जातात. इथे अब्दचा अर्थ उपासक नव्हे, तर निष्ठावान सेवक, असं त्यांचं उत्तर असतं. पीरभॉय कुटुंब दाऊदी बोहरा, म्हणजे शियांच्या इस्माइली शाखेतलं. त्यांच्या घरात हे नाव अगदी स्वाभाविक. सुन्नी घरांतही याच भावनेने 'गुलाम हुसेन', 'गुलाम रसूल' अशी नावं ठेवली जातात, हेही विसरू नये.

या बापलेकांची नावं शेजारी ठेवली तर पश्चिम किनाऱ्याचा सगळा व्यापारी इतिहास दिसतो. 'आदम' सेमिटिक परंपरेतला, यहुदी, ख्रिस्ती आणि मुसलमान तिघांचा. त्याला लागलेला 'जी' आपल्या मातीतला. 'पीर' फारसी, 'भॉय' म्हणजे गुजराती 'भाई'चं इंग्रजी वळण. आणि मुलाचं 'अब्दुल हुसेन' शुद्ध अरबी. कर्जत तालुक्यातल्या एका डोंगरावर रूळ टाकणाऱ्या घराच्या नावात एवढ्या भाषा नांदत होत्या.

कर्जतहून शेजारच्या खालापूर तालुक्यात आलं की याच अर्थाचं दुसरं नाव भेटतं, आणि त्याची कथा वेगळी आहे. खालापूर तालुक्यातलं चौक हे सरनोबत नेताजी पालकर यांचं गाव म्हणून ओळखलं जातं. 1666 मध्ये नेताजी शिवाजी महाराजांपासून दुरावून मोगलांकडे गेले. त्याच वर्षी महाराज आग्र्याहून निसटले आणि औरंगजेबाने नेताजींना कैद करवून दिल्लीला नेलं. 1667 मध्ये त्यांचं धर्मांतर झालं आणि त्यांना नाव मिळालं मुहम्मद कुली खान. त्यानंतरची वर्षं काबूलकडच्या मोहिमांत गेली. 1676 मध्ये ते दक्षिणेत परतले, महाराजांकडे आले, महाराजांनी त्यांना पुन्हा हिंदू धर्मात घेतलं आणि ते पुन्हा नेताजी झाले.

'कुली' वाचलं की आपल्याला स्टेशनवरचा लाल सदऱ्यातला हमाल आठवतो. इथला 'कुली' मात्र तुर्की आहे. 'कुल' म्हणजे दास. 'मुहम्मद कुली' म्हणजे मुहम्मदांचा दास. अरबीतला अब्द, तुर्कीतला कुल, फारसीतला बंदा आणि आपल्याकडे रुळलेला गुलाम, या सगळ्यांचा अर्थ एकच. हे नाव हलकं मुळीच नव्हतं. हैदराबाद शहर वसवणारा गोवळकोंड्याचा सुलतान मुहम्मद कुली कुतुबशहा हेच नाव अभिमानाने मिरवत होता.

मग नेताजींच्या बाबतीत ते नाव टोचतं का? टोचतं, आणि मुसलमान म्हणून हे बोलताना मला आडपडदा ठेवावासा वाटत नाही. धर्माच्या बाबतीत जबरदस्तीला कुरआनात जागा नाही. अब्द किंवा कुली हा शब्द सुंदर होतो तो माणसाने स्वतः स्वीकारला म्हणून, किंवा आईबापांनी सातव्या दिवशी अकिका करून मायेने ठेवला म्हणून. कैदेतल्या माणसाला मिळालेल्या नावात 'कुणाचा दास' हा प्रश्न त्याने स्वतः सोडवलेला नसतो. तो बादशहाने सोडवलेला असतो. शब्दाचा अर्थ तोच राहतो, पण नाव ठेवणारा कोण यावर त्याची चव बदलते.

मराठी मनाला हे समजायला अवघड नाही. नारायण सूर्याजी ठोसर यांनी स्वतःला रामदास म्हणवलं. रामाचा दास म्हटल्याने त्यांचा कमीपणा झाला असं कुणाला वाटत नाही. जनाबाई स्वतःला नामदेवांची दासी म्हणवून घेते आणि त्यातच तिचा मान असतो. आता विचार करा, समर्थांना कुणी नुसतं 'ए दास' म्हटलं असतं तर? विठ्ठलदास नावाच्या दुकानदाराला रोज 'दास' अशी एकेरी हाक मारली आणि वर ते साऱ्या जातीचं टोपणनाव केलं तर? अब्दुलच्या बाबतीत आपण हेच करतो आहोत.

आणि ज्या जिल्ह्यात कर्जत आणि खालापूर मोडतात, त्याच्या नावामागेही एक अब्दुल आहे. पूर्वी हा कुलाबा जिल्हा होता. 1981 मध्ये त्याचं नाव रायगड झालं, तेव्हा राज्याचे मुख्यमंत्री याच जिल्ह्यातल्या आंबेतचे होते. वर्तमानपत्रांनी त्यांना कायम 'बॅरिस्टर ए. आर. अंतुले' असं लिहिलं, त्यामुळे 'ए. आर.' म्हणजे अब्दुल रहमान, त्या परम दयाळूचा दास, हे अनेकांच्या ध्यानात येत नाही. छत्रपतींच्या राजधानीचं नाव जिल्ह्याला मिळालं ते त्यांच्या कारकिर्दीत.

शेवटी दोन साधी मागणी. पहिली माझ्या मुसलमान वाचकांना. मुलाच्या जन्मदाखल्यावर नाव घालताना ते सलग एका शब्दात लिहा: अब्दुलकरीम, अब्दुर्रहमान, अब्दुस्सलाम. खण तीन असोत की चार, मग ते फुटणार नाही. जन्माची नोंद नावाशिवाय झाली असेल तर पहिल्या 12 महिन्यांत नाव विनाशुल्क घालता येतं. घाई करू नका, पण नीट लिहून घ्या. आणि घरात नुसतं 'सत्तार', 'रज्जाक' म्हणायची सवय असेल तर तीही सोडा.

दुसरी मागणी बाकीच्या मित्रांना. ज्याचं नाव माहीत नाही त्याला अब्दुल म्हणू नका. भाऊ म्हणा, दादा म्हणा, चाचा म्हणा. आणि ज्याचं नाव खरोखरच अब्दुलने सुरू होतं, त्याला एकदा विचारा, 'पुढे काय?' करीम, कादिर, हमीद, हुसेन, काहीतरी असतंच. ते विचारायला फार तर दोन क्षण लागतात.