तोंड येणें : एका औषधाचा इतिहास

रायगडाच्या पायथ्याचें पाचाड हें गांव जिजाबाईंच्या समाधीमुळें महाराष्ट्रास परिचित आहे. अशा गांवचा कर्करोगाचा रुग्ण मुंबईस औषध घेऊन घरीं परततो आणि पुढें पांच ते दहा दिवसांत, इस्पितळ दूर असतांना, त्याचें तोंड येतें. घरचीं माणसें ही उष्णता समजतात. वस्तुतः हा त्या औषधाचाच परिणाम असतो. आणि तो कां होतो हें त्या औषधाच्या इतिहासावरून उत्तम कळतें.

१९२८ सालीं डॉ. लूसी विल्स या इंग्रज विदुषी मुंबईस आल्या. गिरण्यांत काम करणाऱ्या गरोदर स्त्रियांच्या पांडुरोगाचा त्यांनीं अभ्यास केला व यीस्टच्या अर्कानें तो बरा होतो, हें १९३१ त प्रसिद्ध केलें. त्या अर्कांतील गुणकारी द्रव्य पुढें फॉलिक अ‍ॅसिड म्हणून ओळखलें गेलें. शरीरास नव्या पेशी घडविण्यास तें लागतें. त्याच १९३१ सालीं लेडी मेहेरबाई टाटा रक्ताच्या कर्करोगानें निवर्तल्या. त्या काळीं या रोगावर औषध नव्हतें. सर दोराबजी टाटा ट्रस्टनें परळ येथें उभारलेलें टाटा स्मारक रुग्णालय २८ फेब्रुवारी १९४१ रोजीं उघडलें.

फॉलिक अ‍ॅसिडनें पेशी वाढतात, तर त्याच्या विरोधी द्रव्यानें कर्करोगाची वाढ थांबेल, हा विचार पुढें आला. अमेरिकेंत यल्लाप्रगडा सुब्बाराव यांच्या सहकाऱ्यांनीं असें द्रव्य, अमिनोप्टेरिन, तयार केलें. बोस्टनचे डॉ. सिडने फार्बर यांनीं तें रक्ताच्या कर्करोगानें पीडित मुलांस दिलें. १९४८ च्या त्यांच्या वृत्तांतांत सोळांपैकीं दहा मुलांस तात्पुरता उतार पडल्याची नोंद आहे. परंतु औषधानें तोंडहि येऊं लागलें.

तोंडाचें आंतील नाजूक अस्तर एक-दोन आठवड्यांत नवें होत असतें. वाढत्या पेशींवर घाव घालणारें औषध रोग आणि हें अस्तर यांत भेद करीत नाहीं. मेथोट्रेक्झेट मोठ्या मात्रेंत दिल्यावर फोलिनिक अ‍ॅसिड देऊन निरोगी पेशी वांचवितात. मात्र त्याची वेळ डॉक्टरांनींच ठरवावयाची असते. फ्लुओरोयुरॅसिल शिरेंतून एकदम देतांना अर्धा तास बर्फ तोंडांत धरल्यास तोंड कमी येतें, असें १९९१ त प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत दिसलें. थंडीनें तेथील रक्तप्रवाह मंदावतो. हा उपाय सर्वच औषधांस लागू नाहीं, म्हणून तोहि विचारूनच करावा.

बाकीचें रक्षण घरींच होतें. उपचारापूर्वीं किडलेले दांत तपासून घ्यावे. दांत मऊ ब्रशनें घांसावे. मशेरी व तंबाखू पूर्ण सोडावी. पेलाभर कोमट पाण्यांत पाव चमचा खाण्याचा सोडा व चिमूटभर मीठ घालून दिवसांतून अनेकदां चुळा भराव्या. कोंकणांतील मऊ भात व निवविलेली पेज येथें उपयोगी पडते. मिरची, कोकम आणि कडक भाकरी कांहीं दिवस दूर ठेवावी. वेदना फार असल्यास शामक औषध मागून घ्यावें. ताप १००.४ अंश फारेनहाइट झाला, पाणीहि गिळवेनासें झालें किंवा रक्त थांबेना, तर रात्र काढूं नये. लगेच इस्पितळ गांठावें.

तोंड आल्यानें अन्न तुटतें, अन्न तुटल्यानें शक्ति जाते, आणि मग रुग्ण उपचारच सोडतो. किरणोपचारांत तर मध्येंच पडलेला खंड रोगाच्या पथ्यावर पडतो. म्हणून घरच्या चुळा व पेज यांचें मोल औषधाहून कमी मानूं नये.